झणझणीत खिमा पॅटीस घरच्या घरी: खाटकापासून ओव्हनपर्यंत सगळं सविस्तर

आधीच सांगते, हा रगड्यातला पॅटीस नाही आणि उपवासाचा बटाट्याचा पण नाही. हा बेकरीतला, चौकोनी, वरून तकतकीत तपकिरी, एक घास घेतला की शर्टभर चुरा. पुण्यात व्हेज पॅटीस म्हटलं की संतोष बेकरी नाहीतर हिंदुस्थान बेकरी हे लहान पोर पण सांगेल, आणि मटण-चिकनचे खायचे तर कॅम्पातल्या आणि मुंबईतल्या जुन्या इराणी बेकऱ्या. पण एकंदरीत बाहेरच्या खिमा पॅटीसबद्दल माझी तक्रार कायमची आहे, आत खिमा शोधावा लागतो. वर भरपूर पदर, मधे हवा आणि कोपऱ्यात जेमतेम चमचाभर खिमा, त्यातही अर्धा बटाटाच. घरी करायचं कारण हेच, खिमा आपल्या मनासारखा तिखट आणि आपल्या मनासारखा भरपूर.

लोक घाबरतात ते पदरांना. अहो ज्या घरात दिवाळीला चिरोटे होतात त्या घरात पॅटीस जमणारच, तिथे साटा लावून पदर काढता, इथे साट्याच्या जागी थंड बटर, एवढाच काय तो फरक. सांभाळायच्या गोष्टी दोनच, पाणी आणि गरमी. खिम्यात पाणी राहिलं की तळ कच्चा राहतो आणि लाटताना बटर वितळलं की पदर गेले. बाकी आकार वाकडा आला, घडी तिरकी पडली, कुणी विचारत नाही.

खाली दिलेल्या मापात १२ मोठे पॅटीस होतात. एका दिवसात होतं सगळं, पण डोक्याला ताप नको असेल तर आदल्या रात्री खिमा शिजवून फ्रीजमध्ये टाका, पीठ भिजवून तेही फ्रीजमध्ये, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी लाटायला घ्या. मे महिन्यात मुंबईत करणार असाल तर सकाळ म्हणजे अगदी सहा-सातची सकाळ, किंवा मग सरळ एसीच्या खोलीत टेबलावर लाटा, हसण्यासारखं काही नाही त्यात.

खिमा आणताना

अर्धा किलो बोकडाचा खिमा लागेल. खाटकाला खांद्याचं आणि मांडीचं मिक्स मटण द्यायला सांगा आणि थोडी चरबी राहू द्या, अर्ध्या किलोत ८०-१०० ग्रॅम चरबी असली तर उत्तम. एकदम लीन खिमा घेतला तर शिजून आटवल्यावर चोथा होतो, आणि पॅटीसमध्ये रस्सा नसल्यामुळे तो चोथा लपायला जागाच नसते. मशीनमधून एकदाच काढायला सांगा, दोनदा काढला की पेस्ट होते. आधीच्या गिऱ्हाइकाचा चिकन खिमा मशीनमध्ये अडकलेला असतो तो आपल्यात येतो, तेव्हा पहिली मूठ बाजूला काढायला सांगायला लाजू नका. सत्तूरने हाताने करून देणारा खाटीक मिळाला तर सोन्याहून पिवळं, त्या खिम्याचे बारीक दाणे शिजल्यावरही दाताखाली लागतात.

आणि धुण्याचं. खिमा झाल्यावर धुतला तर तो एवढं पाणी पितो की ते आटवता आटवता गॅस संपेल. मटण अख्खं असताना धुऊन, निथळून मग खिमा करायला द्या. दुकानात ते शक्य नसेल तर घरी बारीक चाळणीत टाकून वरून पाणी सोडा, हाताने दाबून काढा आणि अर्धा तास चाळणीतच कलंडून ठेवा.

खिमा शिजवताना

जाड बुडाची कढई घ्या, नॉनस्टिक चालेल पण बिडाची किंवा लोखंडी असेल तर जास्त चांगलं परततं. दोन मोठे चमचे तेल, त्यात तीन मध्यम कांदे अगदी बारीक चिरून, गुलाबीच्या पुढे, कडा तपकिरी व्हायला लागेपर्यंत परता. कांद्याचा ओलावा इथेच गेला पाहिजे. मग दीड मोठा चमचा आलं-लसूण पेस्ट आणि पाच-सहा हिरव्या मिरच्या ठेचून, कच्चा वास गेला की गॅस मोठा करून खिमा टाका आणि उलथन्याने सारखा मोडत राहा, नाहीतर गोळे होतात आणि ते गोळे नंतर पॅटीस भरताना पीठ फाडतात. खिम्याचा लाल रंग जाऊन तो करडा झाला की अर्धा छोटा चमचा हळद, एक छोटा चमचा काश्मिरी तिखट, दोन छोटे चमचे कांदा-लसूण मसाला आणि एक छोटा चमचा मीठ. कांदा-लसूण मसाल्यात बहुतेक मीठ असतंच, म्हणून मीठ आधी कमीच टाका आणि शेवटी चव बघून वाढवा.

आता अर्धी वाटी गरम पाणी घालून झाकण ठेवा आणि मंद आचेवर २५-३० मिनिटं शिजू द्या. पाणी आत्ताच संपवायचं म्हणता आणि वर पाणी घालता असं विचाराल, पण बोकडाचा खिमा नुसता परतून मऊ होत नाही, आधी शिजायला पाणी लागतं आणि मग ते काढायला लागतं. घाईत असाल तर कुकरला दोन शिट्ट्या. मग झाकण काढून आच मोठी करा आणि आटवत बसा. इथे खरी दहा-बारा मिनिटं जातात आणि इथेच लोक कंटाळून गॅस बंद करतात. नका करू. उलथन्याने मधून रेघ ओढायची, रेघ तशीच राहिली पाहिजे, दोन्ही बाजूंनी रस धावून यायला नको. कढई तिरकी करून बघा, खाली आलं ते तेल असेल तर झालं, पांढुरकं पाणी असेल तर अजून पाच मिनिटं. आवाजही बदलतो, आधी बुडबुडण्याचा असतो तो नंतर तडतडायला लागतो.

गॅस बंद केल्यावर एक छोटा चमचा ताजी जाडसर कुटलेली मिरपूड, एक छोटा चमचा गरम मसाला, मूठभर पुदिना चिरून, मूठभर कोथिंबीर आणि अर्ध्या लिंबाचा रस. पुदिना आणि मिरपूड हे दोन्ही हवेतच, माझ्या मते बेकरीच्या पॅटीसची चव म्हणजे हेच दोघं. एक उकडलेला बटाटा मोडून घाला, साधारण १०० ग्रॅम, त्याहून जास्त नको. तो भर म्हणून नाही, उरलासुरला ओलावा आणि सुटलेली चरबी धरून ठेवायला आहे. टोमॅटो अजिबात नाही. सुक्या खोबऱ्याचं भाजलेलं वाटणही नको, रस्सा खिम्यात ते स्वर्ग असेल पण इथे ते सारण जड करतं आणि बाकी मसाले दाबून टाकतं. मालवणी मसाला आवडत असेल तर कांदा-लसूण मसाल्याऐवजी तो घाला, मस्त लागतो.

चव बघताना खिमा नुसता खाल्ल्यावर थोडा चढा वाटला पाहिजे, तिखट आणि मीठ दोन्ही, कारण त्याच्याभोवती बिनचवीच्या पिठाचे आणि बटरचे पदर येणार आहेत आणि ते सगळं तिखट खाऊन टाकतात. जेवताना बरोबर वाटणारा खिमा पॅटीसमध्ये मिळमिळीत लागतो. परातीत पसरून गार करा आणि मग फ्रीजमध्ये निदान दोन तास. कोमट खिमा भरला तर आतून बटर वितळायला सुरुवात होते आणि मग ओव्हनला शिव्या बसतात. उन्हाळ्यात शिजवलेला खिमा ओट्यावर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नका, मटण आहे.

पीठ

३०० ग्रॅम मैदा, २५ ग्रॅम बटर, अर्धा छोटा चमचा मीठ, दोन छोटे चमचे व्हिनेगर किंवा लिंबाचा रस आणि फ्रीजमधलं गार पाणी साधारण १५० मिली. वजनकाटा असेल तर वापरा, वाटीच्या मापात मैदा कधी दाबून भरला जातो कधी सैल. कणकेने करायची हौस असेल तर पाऊण मैदा आणि पाव कणीक इथपर्यंत चालतं, पूर्ण कणकेचे पदर जड होतात आणि फुलत नाहीत, आरोग्याचा विचार दुसऱ्या दिवशी करा.

मैद्यात बटर चोळून घ्या, मीठ आणि व्हिनेगर टाका, मग पाणी थोडं थोडं. पुरीच्या पिठापेक्षा मऊ आणि पोळीच्या कणकेपेक्षा घट्ट, असं मधलं. जास्त मळायचं नाही, गोळा झाला की बास, कारण पुढे लाटून लाटून ते आपोआप मळलं जाणार आहे. व्हिनेगरने पीठ थोडं नरम पडतं, लाटल्यावर मागे आखडत नाही. गोळा चपटा करून, प्लास्टिकमध्ये गुंडाळून फ्रीजमध्ये एक तास किंवा रात्रभर.

बटर

२०० ग्रॅम, पिठातलं २५ ग्रॅम वेगळं. म्हणजे १०० ग्रॅमची दोन पाकिटं, हिशोब सोपा. साधं खारं अमूल घेतलं तर पिठात अर्धाच चमचा मीठ, जसं वर लिहिलंय, आणि बिनमिठाचं घेतलं तर एक चमचा. घरचं लोणी शक्यतो नको, त्यात पाण्याचं प्रमाण दर वेळी वेगळं असतं, पाकिटातल्या बटरमध्ये निदान ८० टक्के फॅट असतंच आणि पाणी १६ टक्क्यांच्या आत. हे थोडं पाणी आपल्याला हवंच आहे, ओव्हनमध्ये त्याची आणि पिठातल्या पाण्याची वाफ होते, ती वाफ पदर वर ढकलते आणि बटर त्या पदरांना एकमेकांना चिकटू देत नाही. तुपात हे पाणी नसतं, म्हणून तुपाचे पॅटीस कुरकुरीत होतील पण बटरइतके फुगणार नाहीत.

बेकरीवाले बहुतेक मार्जरीन वापरतात, स्वस्त पडतं आणि ते बटरपेक्षा जास्त तापमानाला वितळतं त्यामुळे भट्टीशेजारच्या गरमीतही पदर टिकतात. पण तेच तोंडातही नीट वितळत नाही, टाळूला एक चिकट थर बसतो ना, तो त्याचाच. बटर ३२ ते ३५ डिग्रीला वितळतं, म्हणजे तोंडात बरोबर विरघळतं आणि दुर्दैवाने मुंबईच्या ओट्यावर पण. यावर एक चांगला उपाय आहे, बटरमध्ये २० ग्रॅम मैदा मिसळायचा, साट्यात कॉर्नफ्लॉर घालतो त्याच कारणासाठी, बटर जरा दम धरतं.

दोन्ही पाकिटं उभी कापून पातळ काप करा, दुधाची पिशवी कापून धुऊन पुसून घेतली असेल तर तिच्यावर हे काप शेजारी शेजारी मांडा, मधे मधे तो २० ग्रॅम मैदा भुरभुरवा, वरून दुसरी पिशवी किंवा बटर पेपर, आणि लाटण्याने आधी ठोका मग लाटा. १५ सेंटीमीटरचा चौकोन हवा, सगळीकडे सारख्या जाडीचा. परत फ्रीजमध्ये. लाटायच्या आधी बाहेर काढाल तेव्हा ते वाकलं पाहिजे पण मोडता कामा नये, बोट दाबलं तर खूण उठावी पण बोट बुळबुळीत होऊ नये. थंडीत यासाठी दहा मिनिटं बाहेर ठेवावं लागतं, मेमध्ये दोन-तीन पुरतात. मोडणारं बटर पिठाच्या आत तुकडे तुकडे होतं आणि जिथे तुकडा नाही तिथे पदर नाही.

घड्या

पीठ २२ सेंटीमीटरच्या चौकोनात लाटा. बटरचा चौकोन त्याच्यावर तिरका ठेवा, म्हणजे बटरचे कोपरे पिठाच्या बाजूंच्या मध्यावर येतील. पिठाचे चारही कोपरे मधे आणून पाकीट करा, सांधे चिमटीने घट्ट बंद करा. थोडा मैदा भुरभुरवून लाटणं आधी हलके दाबत दाबत पुढे न्या आणि मग एकाच दिशेने लाटा, साधारण २० बाय ५० सेंटीमीटर. पोळीसारखं गोल फिरवत लाटायचं नाही, पुढे-मागे, पुढे-मागे. वरचा मैदा ब्रशने झटका, आणि पत्राची घडी घालतो तशी तीन पदरी घडी. ही पहिली.

नव्वद अंशात फिरवा, उघडी बाजू आपल्याकडे, परत लाटा, परत घडी. दोन घड्या झाल्या की प्लास्टिकमध्ये गुंडाळून अर्धा तास फ्रीजमध्ये, मग आणखी दोन, मग पुन्हा निदान तासभर आराम. एकूण चार. प्रत्येक घडीला बटरचे थर तिप्पट होतात, ३, ९, २७, ८१, आणि खिम्याच्या पॅटीसला ८१ भरपूर आहेत. पाचवी घातली तर २४३ होतात, पण घरच्या गरमीत पाचव्या घडीला बटर पिठात मुरायला लागतं आणि फायद्यापेक्षा तोटा जास्त. हॉटेल मॅनेजमेंटवाल्या मंडळींनी सहा घालाव्यात, आपण चार.

लाटताना कुठे बटर बाहेर आलं तर त्यावर चिमूटभर मैदा दाबा आणि पुढे चला. पीठ मागे आखडायला लागलं किंवा चमकायला लागलं की जबरदस्ती करायची नाही, उचला आणि पंधरा मिनिटं फ्रीज. लाईट जाणाऱ्या भागात राहत असाल तर फ्रीजरमध्ये एक बर्फाचा ट्रे भरून ठेवा, स्टीलच्या परातीत बर्फ घेऊन ती ओट्यावर पाच मिनिटं ठेवली की ओटा गार होतो, मग पुसून त्यावर लाटा. ग्रॅनाइटचा ओटा यासाठी फार कामाचा.

कापणं आणि भरणं

पिठाचे दोन भाग करा, एक फ्रीजमध्येच राहू दे. दुसरा ३ मिलिमीटर जाडीवर लाटा, साधारण ३६ बाय २४ आला पाहिजे, कडा थोड्या जास्त ठेवा कारण त्या कापून टाकायच्या आहेत. कडांना घडीचे दुमड असतात, तिथले पदर सुटत नाहीत. धारदार मोठी सुरी सरळ खाली दाबून कापा, ओढून नाही, ओढली की कडेचे पदर एकमेकांना चिकटतात. पिझ्झा कटर चालतो. १२ बाय १२ चे सहा तुकडे एका भागातून.

प्रत्येक तुकड्यावर ४५ ग्रॅम गार खिमा, म्हणजे तीन छोटे चमचे शीग लावून. अर्ध्या भागावर पसरा, कडेला दीड सेंटीमीटर जागा सोडा. आवडत असेल तर उकडलेल्या अंड्याची एक चकती खिम्यावर. एका अंड्याचा बलक वेगळा काढून त्यात एक छोटा चमचा दूध आणि चिमूट मीठ, हे वरून लावायला, आणि उरलेला पांढरा भाग कडांना चिकटवायला. कडेला बोटाने पातळ लावा, दुसरी बाजू आणून दाबा. काट्याने दाबून नक्षी काढतात लोक, दिसायला छान पण त्या जागचे पदर मरतात, मी बोटानेच दाबते आणि ते सुद्धा कडेपासून थोडं आत. खिमा ओसंडून भरायचा मोह होणार, ४५ ग्रॅमच्या वर गेलात तर ओव्हनमध्ये तोंड उघडतं, माझा सल्ला आहे की मोह आवरा आणि उरलेला खिमा पावाबरोबर खा.

भरलेले पॅटीस ट्रेवर मांडून अर्धा तास फ्रीजमध्ये. मग वरून बलक लावा, फक्त वरच्या बाजूला. कापलेल्या कडेवरून एक ओघळ जरी खाली आला तरी तिथले पदर अंड्याने शिवले जातात आणि पॅटीस एका बाजूने फुगतो, दुसऱ्या बाजूने बसतो. वर सुरीच्या टोकाने दोन बारीक चिरा, वाफ जायला.

ओव्हन

ओटीजी असेल तर दोन्ही रॉड चालू, २२० डिग्रीला निदान वीस मिनिटं तापू द्या. लाल दिवा गेला म्हणजे तापला असं नाही, भिंती तापायला वेळ लागतो, आणि ओटीजीच्या बटणावरचा आकडा आणि आतलं तापमान यांचं फारसं पटत नाही, तेव्हा आत ठेवायचा छोटा थर्मामीटर घ्या, एकदाच खर्च. ट्रे आतच तापत ठेवा आणि पॅटीस बेकिंग पेपरसकट त्या तापलेल्या ट्रेवर सरकवा. तळ कच्चा राहण्याची अर्धी तक्रार इथेच मिटते. खालून दुसऱ्या खाच्यात, एका वेळी सहाच, मधे अंतर सोडून.

पहिली १५ मिनिटं २२० वर आणि या वेळात दार उघडायचं नाही, अगदी कितीही वास सुटला तरी. वाफेने पदर उचलले जातायत आणि अजून ते टणक झालेले नाहीत, आत्ता गार हवा गेली की फुगलेलं खाली बसेल. मग १९० वर १५ ते २० मिनिटं. रंग बघून बाहेर काढायची घाई होते, वरून सोनेरी दिसतो पण आतले पदर पिठूळ असतात. गडद तपकिरी होऊ द्या, चिमट्याने एक उचलून खाली बघा, तळही तपकिरी आणि कडक हवा, आणि हातात हलका लागला पाहिजे. काढल्यावर जाळीवर ठेवा, ताटात ठेवले की खालच्या वाफेने तळ मऊ पडतो.

कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हवाल्यांनी जेवढं जास्तीत जास्त तापमान जातं तेवढ्यावर, बहुतेकांचं २०० ते २३० च्या मधे थांबतं, दोनदा प्रीहीट करा आणि ठेंगणी जाळी वापरा. वेळ पाच-सात मिनिटं जास्त. मायक्रो मोड किंवा कॉम्बी मोड नको. एअर फ्रायरमध्ये पण होतात, १८० वर १८-२० मिनिटं, मधे एकदा उलटून, पण पंखा वरचे पदर उडवतो, म्हणून थोडे छोटे करा आणि जोड खालच्या बाजूला येईल अशी घडी घाला.

बिघडलं तर कारण ट्रेच सांगतो. ट्रेमध्ये बटरचं तळं साचलंय, म्हणजे ओव्हन पुरेसा गरम नव्हता किंवा पॅटीस फ्रीजमधून काढून बराच वेळ बाहेर होते. तळं नाही पण फुगलेही नाहीत, म्हणजे लाटतानाच बटर पिठात मुरलं होतं, त्यांना खारीसारखे न म्हणता बिस्किटासारखे म्हणा आणि चहाबरोबर संपवा. एका बाजूला कलले तर बलक ओघळला किंवा सुरी ओढली. तोंड उघडलं तर खिमा जास्त किंवा कडेला तेल लागलं होतं. खालून लगदा असेल तर खिमा आटवायचा कंटाळा केला, दुसरं काही नाही.

पदर नको, आयतं पाहिजे

ओळखीची बेकरी असेल तर विचारून बघा, काही ठिकाणी कच्चा पफ, म्हणजे हेच पदरांचं तयार पीठ, किलोवर देतात. तो मार्जरीनचा असणार हे धरून चला, फायदा हा की उन्हाळ्यात सोपा जातो. परदेशात असाल तर प्रश्नच नाही, फ्रोझन पफ शीट कुठल्याही सुपरमार्केटात, फक्त पाकिटावर 'ऑल बटर' आहे का बघा, आणि शीट रात्रभर फ्रीजमध्ये सुटू द्या, ओट्यावर नाही. तिकडे बोकडाऐवजी लॅम्बचा खिमा मिळतो, त्याला चरबी फार सुटते, आटवल्यावर कढई तिरकी करून वरचं दोन-तीन चमचे तेल काढून टाका आणि आलं, पुदिना थोडा वाढवा. चिकनचा करायचा असेल तर ब्रेस्ट नको, मांडीचं मांस घ्या, शिजायला दहा मिनिटं पुरतात, पाणी वेगळं घालायची गरज नाही.

आणि लाटालाटीची ताकदच नसेल तर गोव्याचा रस्ता धरा. तिथल्या ख्रिस्ती घरांमध्ये नाताळाला, लग्नाला एम्पादिन्या करतात, वाटीएवढ्या छोट्या झाकणाच्या पाय, आत पोर्कचं सारण. त्याला पदर लागतच नाहीत. ३०० ग्रॅम मैदा, १५० ग्रॅम गार बटर बोटांनी चोळून रवाळ करायचं, दोन बलक आणि तीन-चार चमचे गार पाणी घालून गोळा, अर्धा तास फ्रीज. सारणात पोर्क चरबीसकट अगदी बारीक चौकोनी कापून, खिमा नाही, कांदा, लसूण, आलं, काश्मिरी मिरची, मिरी, लवंग, दालचिनी आणि माडाचं व्हिनेगर, पोर्क पूर्ण शिजेपर्यंत मंद आचेवर आणि थोडा दाट रस ठेवून, इथे ठणठणीत कोरडं नको कारण वाटी सगळ्या बाजूंनी बंद असते. मफिनच्या ट्रेमध्ये पीठ थापायचं, सारण, वरून झाकण, कडा दाबायच्या, मधे भोक, बलक आणि १८० वर ३०-३५ मिनिटं. आंबटपणा थोडा पुढे असलेली चव, दुसऱ्या दिवशी जास्त छान लागतात.

ठेवणं आणि गरम करणं

जास्त करायचे असतील तर कच्चेच फ्रीज करा. भरून झाले की बलक न लावता ट्रेवर सुटे मांडून फ्रीजरमध्ये कडक होऊ द्या, मग पिशवीत भरा, महिनाभर चांगले राहतात. खायच्या दिवशी बाहेर सुटायला ठेवायचे नाहीत, तसेच गोठलेले बलक लावून २०० वर चाळीसेक मिनिटं. पाहुणे येणार असतील तर हाच प्रकार सर्वात सोयीचा, बेल वाजली की ओव्हन चालू, सरबत होईपर्यंत अर्धं काम झालेलं असतं.

भाजलेले उरले तर फ्रीजमध्ये दोन दिवस, आणि गरम करताना ओटीजी किंवा एअर फ्रायर १६० वर आठ-दहा मिनिटं. मायक्रोवेव्हमध्ये टाकलेला पॅटीस मऊ लोळागोळा होतो, तो प्रकार तुम्ही कॉलेजच्या कँटीनमध्ये खाल्ला असेलच. बरोबर सॉस हवाच असेल तर घ्या, मला पातळ चिरलेला कांदा आणि लिंबू पुरतं.

कडेच्या कापून ठेवलेल्या पट्ट्या मात्र टाकू नका आणि गोळा करून मळू पण नका, मळल्या की पदर संपले. एकावर एक रचून हलकं लाटा, बोटभर पट्ट्या कापा, वरून जिरं आणि जाडसर मिरपूड दाबा आणि २०० वर पंधरा-अठरा मिनिटं, रंग येईपर्यंत. संध्याकाळच्या चहाला घरची खारी तयार.